बगदादची वाट रुळांवरून

२९ एप्रिल १९१६ रोजी तैग्रिस नदीच्या वळणावरच्या कुत-अल-अमारा या गावात पहिल्या महायुद्धात जनरल टाउनशेंडच्या ब्रिटिश-हिंदी फौजेने तुर्कांपुढे शस्त्रं खाली ठेवली. वेढा १४७ दिवस चालला होता. सुमारे १३,००० माणसं कैदेत गेली. त्यांत पुणे डिव्हिजनच्या तीन मराठा पलटणी होत्या : १०३ वी, ११० वी आणि ११७ वी. सातारा, रत्नागिरी, कोल्हापूरकडची ही शेतकऱ्यांची पोरं. लढाईत ती कुठेही कमी पडली नव्हती. त्यांना तुर्की तोफांनी हरवलं नाही, भुकेने हरवलं.

त्यानंतर साडेदहा महिन्यांनी, ११ मार्च १९१७ ला, त्याच नदीच्या काठाने वर सरकलेल्या ब्रिटिश-हिंदी फौजेने बगदाद घेतलं. शत्रू तोच, वाळवंट तेच, ऊनही तेच. शिपायाचं धाडस या साडेदहा महिन्यांत वाढलं म्हणावं, तर ते आधीही पुरेपूर होतंच. बदललं ते शिपायाच्या पाठीमागचं सगळं : बंदर, बोटी, रूळ, इस्पितळं, पिठाची पोती. वाळवंटातली मोहीम कशी जिंकली जाते याचं उत्तर या पाठीमागच्या जगात आहे. आणि त्याचा माग काढत निघालं तर माणूस बसऱ्याच्या धक्क्यावरून थेट भंडारा जिल्ह्यातल्या तुमसर तालुक्यात येऊन पोचतो.

मेसोपोटेमियाची, म्हणजे आजच्या इराकमधली, ही मोहीम सुरू झाली ६ नोव्हेंबर १९१४ ला. इराणच्या आखाताच्या टोकाशी असलेल्या फाव इथे पुणे डिव्हिजनची पहिली ब्रिगेड उतरली. तिच्यात डॉर्सेट रेजिमेंटच्या गोऱ्यांबरोबर ११७ वी मराठा पलटण होती. नोव्हेंबर सरायच्या आत बसरा हातात आलं. इराणच्या तेलविहिरींचं आणि आखाताचं रक्षण, एवढाच मूळ हेतू होता. तो साधला होता. पण सोपे विजय सेनापतींना पुढे ओढत नेतात. एप्रिल १९१५ मध्ये शैबाची लढाई जिंकली. मे महिन्याच्या शेवटी कुर्ना इथे तर पुराच्या पाण्यातून लहान होड्यांत बसून फौज पुढे गेली आणि जूनच्या पहिल्या आठवड्यात अमारा पडलं. सप्टेंबरअखेर कुत. आता बगदाद दिसू लागलं होतं.

बसऱ्याहून बगदाद नदीमार्गाने सुमारे ५०० मैल. बसऱ्याला तेव्हा खोल पाण्याचा धक्का नव्हता. जहाजं नदीत नांगर टाकून उभी राहत आणि माल देशी होड्यांतून किनाऱ्याला येई. काही जहाजं आठवडेच्या आठवडे ताटकळत. रस्ता नाही, रेल्वे नाही. उथळ पाण्यात चालणाऱ्या आगबोटी हाच एकमेव आधार, आणि त्या मोजक्याच. फौज जितकी पुढे जाई, तितकी तीच बोट परत यायला जास्त दिवस लागत. म्हणजे पुढे टाकलेल्या प्रत्येक पावलाबरोबर शिपायाच्या ताटातली भाकरी लहान होत होती. हे साधं गणित सिमल्याच्या लष्करी कचेरीत आणि मोहिमेचा तेव्हाचा सरसेनापती जनरल निक्सनच्या मुक्कामी मांडलं गेलं नाही, याला मी गुन्हाच म्हणेन.

त्याची किंमत टेसिफॉनला चुकती झाली. बगदाद तिथून एखाद्या दिवसाच्या मजलेवर होतं. २२ नोव्हेंबर १९१५ पासूनच्या त्या लढाईत साडेचार हजारांहून अधिक माणसं पडली किंवा जखमी झाली. जखमींना स्प्रिंग नसलेल्या खटाऱ्यांतून नदीपर्यंत आणलं आणि तिथून उघड्या बोटींवर दाटीवाटीने निजवून खाली पाठवलं. ‘मजिदिया’ ही बोट बसऱ्याला पोचली तेव्हा हिंदी वैद्यकीय सेवेतले मेजर कार्टर ते दृश्य बघून हादरले. बोटीच्या कडेला दोरखंडासारखं जे लोंबत होतं, ती जखमींची विष्ठा होती. कार्टरांनी हे लेखी कळवलं, तर वरिष्ठांनी त्यांनाच अटकेची धमकी दिली. पुढे चौकशी आयोग बसला, १९१७ च्या उन्हाळ्यात त्याचा अहवाल छापला गेला आणि भारतमंत्री ऑस्टिन चेंबरलेन यांना राजीनामा द्यावा लागला. एका डॉक्टरने खरं लिहिलं म्हणून एवढं झालं. या मोहिमेतल्या कुठल्याही सेनापतीपेक्षा मला कार्टर मोठे वाटतात.

कुतच्या वेढ्यात घोडे आणि खेचरं कापून खाण्याची वेळ आली. हिंदी शिपायांपैकी बहुतेकांनी घोड्याचं मांस बराच काळ नाकारलं. धर्मगुरूंकडून परवानगीचे संदेश मागवूनही त्यांचं मन वळेना. भाजीपाला नाही, मांस नाही, जवाच्या पिठावर दिवस काढायचे. हिंदी शिपायांना स्कर्व्हीने ग्रासलं, हिरड्यांतून रक्त येऊ लागलं. बाहेरून सुटकेसाठी जानेवारी ते एप्रिल जे हल्ले झाले, त्यांत आतल्या माणसांपेक्षा कितीतरी जास्त, म्हणजे सुमारे २३,००० माणसं मारली गेली किंवा जायबंदी झाली. २४ एप्रिलच्या रात्री ‘जुलनार’ ही आगबोट २७० टन धान्य घेऊन वेढ्यात शिरायला निघाली आणि नदीत अडकून तुर्कांच्या हाती पडली. विमानांतून पोती टाकून पाहिली, काही नदीत पडली, काही शत्रूच्या खंदकात. पाच दिवसांनी सगळं संपलं.

कैद झालेल्या हिंदी शिपायांतले पुष्कळजण पुढे वाळवंटातून पायी हाकलत रास-अल-ऐनला नेले गेले. तिथे त्यांना काम दिलं ते बर्लिन-बगदाद रेल्वेचे रूळ टाकण्याचं. त्याच कैदेतून परतलेल्या शिशिरप्रसाद सर्वाधिकारी या रुग्णसेवकाने बंगालीत ‘अभि ले बगदाद’ हे पुस्तक लिहून ते दिवस नोंदवून ठेवले. मराठा शिपायांचे ते दिवस त्यांच्या घरातल्या माणसांच्या बोलण्यात राहिले आणि ती माणसं गेली तसे विरत गेले.

आता भंडाऱ्याकडे येऊ. मराठा पलटणींची भरती प्रामुख्याने कोकणात आणि घाटावर होई. वैनगंगेकाठचा हा मुलूख तेव्हा मध्य प्रांतात होता, आजचा गोंदिया जिल्हाही भंडाऱ्यातच होता, आणि भरतीच्या दृष्टीने सरकारचं इकडे विशेष लक्ष नव्हतं. सरकारचं लक्ष होतं ते जमिनीखाली.

नागपूर, भंडारा आणि बालाघाट या तीन जिल्ह्यांतून मँगनीजचा एक पट्टा जातो. तुमसर तालुक्यातलं डोंगरी बुजुर्ग आणि चिखला ही त्यातली नावाजलेली ठिकाणं. काळा, हाताला वजनदार लागणारा दगड. विसाव्या शतकाच्या तोंडावर इंग्रज कंपन्यांनी या पट्ट्यात खाणी सुरू केल्या. १९०९ मध्ये लुइस ली फर्मर या भूशास्त्रज्ञाने भारतातल्या मँगनीजवर प्रचंड ग्रंथ प्रसिद्ध केला आणि इथल्या मँगनीजयुक्त खडकाला इथल्याच गोंड लोकांवरून ‘गोंडाइट’ हे नाव दिलं. जगभरच्या भूशास्त्राच्या पुस्तकांत ते आजही त्याच नावाने आहे. खाणींत दगड फोडणारे, निवडणारे, टोपल्या वाहणारे हात गोंडांचे होते, आसपासच्या गावांतल्या गरीब शेतमजुरांचे होते, छत्तीसगडातून आलेल्यांचे होते. त्यांत बायका मोठ्या संख्येने होत्या.

मँगनीजवाचून पोलाद होत नाही. वितळलेल्या लोखंडातला प्राणवायू आणि गंधक काढून टाकायला ते लागतं. गंधक राहिलं तर तापलेलं पोलाद लाटताना तडकतं. एक टन पोलादाला काही किलो मँगनीज पुरतं, पण ते काही किलो नसतील तर तोफेचा गोळा नाही, रूळ नाही, बोटीचा पत्रा नाही. प्रमाण वाढवून बारा-तेरा टक्क्यांवर नेलं की इंग्रज धातुशास्त्रज्ञ हॅडफिल्डने शोधलेलं अतिचिवट पोलाद मिळतं. रेल्वेचे सांधे आणि क्रॉसिंग त्याचे करतात, आणि १९१५ च्या अखेरीपासून ब्रिटिश शिपायांची शिरस्त्राणंही त्याचीच होऊ लागली.

महायुद्धापूर्वी जगाला मँगनीज पुरवणारे दोन मोठे देश होते : रशिया आणि भारत. रशियाचं मँगनीज जॉर्जियातल्या चिआतुराहून निघे आणि काळ्या समुद्रातून, दार्दानेल्सच्या सामुद्रधुनीतून युरोपात जाई. १९१४ च्या सप्टेंबरअखेर तुर्कस्तानने ती सामुद्रधुनी बंद केली. चिआतुराचा माल अडकला. ब्रिटनच्या भट्ट्यांची भिस्त आता भारतावर, म्हणजे मुख्यत्वे या तीन जिल्ह्यांच्या पट्ट्यावर आली. ज्या तुर्कांशी लढायला मराठा शिपाई फावला उतरले, त्याच तुर्कांनी दार्दानेल्सचं दार लावून तुमसरच्या दगडाला लढाईचं मोल आणलं. पुढची चार वर्षं दोस्त राष्ट्रांच्या पोलादात मध्य प्रांताचा हा काळा दगड मिसळत राहिला.

दगड न्यायला रेल्वे होती. बंगाल-नागपूर रेल्वेचा रस्ता नागपूरहून निघून भंडारा रोड, तुमसर रोड, गोंदिया, दुर्ग, रायपूर असा कलकत्त्याच्या दिशेला जातो. याच रस्त्याशी एक वेगळी गोष्टही जोडलेली आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला दोराबजी टाटा चांद्याकडचा लोखंडाचा शोध आपण सोडून देत आहोत हे सांगायला नागपूरला अधिकाऱ्यांकडे आले होते. थांबावं लागलं म्हणून समोरच्या संग्रहालयात शिरले आणि तिथे मध्य प्रांताचा भूशास्त्रीय नकाशा त्यांना दिसला. दुर्ग जिल्ह्यात गडद रंगाचा एक डाग होता. त्या डागाने शोध पुन्हा सुरू झाला, आणि पुढे मयूरभंजच्या लोखंडावर साकचीचा कारखाना उभा राहिला. १९१२ मध्ये तिथे पोलाद निघालं. युद्ध दोन वर्षांवर होतं.

कुत पडल्यावर लंडनचे डोळे उघडले. मोहिमेची सूत्रं त्याआधीच, फेब्रुवारी १९१६ पासून, सिमल्याकडून काढून लंडनच्या युद्धखात्याकडे घेतली गेली होती. ऑगस्टमध्ये जनरल स्टॅनली मॉड सरसेनापती झाला. त्याने पहिले काही महिने हल्लाच केला नाही. बसऱ्याला धक्के बांधले जाऊ लागले, गोदामं उभी राहिली, नदीला खुणा घातल्या. हिंदुस्थानातून, ब्रह्मदेशातून नदीबोटी आल्या. उथळ तळाच्या या बोटी अरबी समुद्राच्या पावसाळी लाटांत कित्येक बुडाल्या, तरी येत राहिल्या. कुर्ना ते अमारा रेल्वे झाली. शेख सादपासून आघाडीपर्यंत अरुंद रुळांची गाडी धावू लागली. पाण्याचे नळ, दवाखाने, बर्फाचे कारखाने.

हे रूळ कुठून आले? हिंदुस्थानातून. इथल्या कमी महत्त्वाच्या फाट्यांवरचे रूळ अक्षरशः उखडून जहाजांवर चढवले गेले. सगळ्या युद्धभूमी मिळून हिंदुस्थानने सुमारे १,८०० मैल लांबीचे रूळ, २०० हून जास्त इंजिनं आणि जवळजवळ ६,००० डबे दिले. साकचीच्या टाटा कारखान्याने १,५०० मैलांचे रूळ आणि ३ लाख टनांच्या आसपास पोलाद पुरवलं. मेसोपोटेमिया, इजिप्त, पॅलेस्टाइन, पूर्व आफ्रिका, सगळीकडे ते गेलं. २ जानेवारी १९१९ ला व्हाइसरॉय चेम्सफर्ड स्वतः साकचीला आले, या पोलादावाचून आपलं काय झालं असतं कल्पना करवत नाही अशा अर्थाचं बोलले, आणि गावाला जमशेदपूर हे नाव दिलं. त्या शहराच्या नावामागे वाळवंटातला हा विजय आहे, हे जमशेदपूरच्या गाडीत बसणाऱ्या किती जणांना ठाऊक असेल?

१३ डिसेंबर १९१६ च्या रात्री मॉड हलला. दोन महिने त्याने कुतच्या दक्षिणेला, नदीच्या एकेका वळणावर तुर्कांचे खंदक रेटत नेले. २३ फेब्रुवारी १९१७ ला शुमरान इथे नदी ओलांडली : पहाटे नॉर्फोक आणि गुरखा पलटणी होड्यांतून गेल्या, मोठी हानी सोसून पलीकडचा काठ धरला, आणि संध्याकाळच्या आत तीनशे यार्डांच्या आसपास लांबीचा तरंगता पूल तयार होऊन त्यावरून फौज जाऊ लागली. पूल बांधणारे सॅपर्स त्या दिवसाचे खरे नायक होते. दुसऱ्या दिवशी कुत परत मिळालं. तुर्क पळत होते, तरी मॉड अझीझियाला थांबला. मागून धान्य येईपर्यंत जवळजवळ आठवडाभर थांबला. सव्वा वर्षापूर्वी टाउनशेंडची फौज जिथून तुटपुंज्या वाहतुकीवर पुढे ढकलली गेली होती, तिथे हा माणूस पिठाची वाट बघत बसला. या मोहिमेतला सर्वांत मोठा पराक्रम मला या थांबण्यात दिसतो. मग दियाला नदी ओलांडली आणि बगदाद हाती आलं.

त्याच वर्षीच्या रमादीची गोष्ट भंडाऱ्याच्या वाचकाला नीट कळेल, कारण मे महिन्यात ४५ अंशांचं ऊन काय करतं ते इथल्या प्रत्येकाने अंगावर घेतलेलं आहे. ११ जुलै १९१७ ला युफ्रेटिसकाठच्या रमादीवर पहिला हल्ला झाला. पारा ५० अंशांच्या आसपास. फौजेची एकूण हानी ५६६, आणि त्यातले ३२१ जण निव्वळ उन्हाने पडले. गोळी लागण्याआधीच माणसं कोसळत होती. हल्ला मागे घ्यावा लागला. सप्टेंबरअखेर दुसरा हल्ला झाला तेव्हा पाणी मोजून बरोबर घेतलं, माणसांची ने-आण मोटारींतून केली आणि घोडदळाने वळसा घालून शत्रूची मागची वाट अडवली. तुर्कांची जवळजवळ सगळी फौज, ३,००० वर माणसं, कैद झाली.

मॉड १८ नोव्हेंबर १९१७ ला बगदादेत पटकीने मेला. बगदाद घेणाऱ्या सेनापतीला दूषित पाण्या-दुधाच्या रोगाने नेलं. वाळवंटात पाणी हा शस्त्राइतका मोठा विषय असतो.

शेवट शर्कातला झाला. ऑक्टोबर १९१८ च्या शेवटच्या आठवड्यात मोसूलच्या वाटेवर तैग्रिसकाठी ही लढाई झाली आणि ३० तारखेला तुर्कांच्या ११,००० च्या वर माणसांनी शरणागती दिली. त्याच दिवशी मुद्रोसला तुर्कांशी युद्धविरामाच्या करारावर सह्या झाल्या. या लढाईत ११४ व्या मराठा पलटणीने २८ शौर्यपदकं मिळवली. एका पलटणीने एका लढाईत मिळवलेल्या मानाची ही असामान्य नोंद आहे. कुतला कैद झालेल्या ११७ व्या पलटणीला पुढे ‘रॉयल’ हा किताब मिळाला. १९२२ च्या फेररचनेत या सगळ्या पलटणी एकत्र येऊन बेळगावची मराठा रेजिमेंट झाली. तिच्या निशाणावर शैबा, टेसिफॉन, कुत, बगदाद, शर्कात ही नावं आहेत.

चोवीस-पंचवीस वर्षांनी तोच धडा पुन्हा गिरवावा लागला, या वेळी दुसऱ्या महायुद्धात, लिबियाच्या वाळूत. जून १९४२ मध्ये तोब्रुकच्या आग्नेय कडेला याच रेजिमेंटची दुसरी पलटण, ‘काळी पांचवी’, खंदकांत होती. सुरुंगांची पेरणी विरळ झालेली, रणगाडाविरोधी तोफा अपुऱ्या. जर्मन सेनापती रोमेलने नेमका तिथेच विमानांचा आणि रणगाड्यांचा घाव घातला. तोब्रुक पडलं, पलटण कैदेत गेली. चार महिन्यांनी अल अलामेनला दोस्त फौजांनी रोमेलला मोडलं तेव्हा अलेक्झांड्रियाची रेल्वे थेट त्यांच्या पाठीशी होती, आणि रोमेलचं पेट्रोल भूमध्य समुद्रात बुडत होतं.

हे सगळं युद्ध कोणासाठी होतं, हा प्रश्न टाळून पुढे जाणं मला शक्य नाही. जून १९१८ मध्ये मुंबईच्या युद्धपरिषदेत टिळकांनी स्वराज्याचा विषय काढला, तेव्हा गव्हर्नर विलिंग्डनने त्यांना बोलू दिलं नाही आणि टिळक सभा सोडून निघून गेले. युद्धाच्या मोबदल्यात पुढच्या वर्षी देशाला मिळाला रौलट कायदा आणि जालियनवाला बाग. बगदादला मॉडने जाहीर केलं होतं की आम्ही जिंकायला आलो नाही, मुक्त करायला आलो. १९२० मध्ये इराकी लोक उठले तेव्हा त्यांना चिरडायला पुन्हा हिंदी पलटणीच वापरल्या गेल्या. मराठा शिपायाचं शौर्य खरं होतं. ज्या साम्राज्याने ते खर्चलं, त्याची नियत खरी नव्हती.

मेसोपोटेमियात हिंदुस्थानातून ५ लाख ८८ हजारांच्या वर माणसं गेली. त्यांतली जवळजवळ निम्मी, २ लाख ९३ हजार, लढणारी नव्हती. खलाशी, हमाल, खेचरवाले, भिस्ती, सफाईवाले, रेल्वेचे गँगमन, धोबी, आचारी. शिक्षेत सूट देतो म्हणून तुरुंगांतून नेलेले हजारो कैदीही त्यांत होते. मॉडचा विजय या माणसांच्या खांद्यांवरून गेला. त्यांच्या मागे, समुद्राअलीकडे, दगड फोडणारी आणि डबे भरणारी जी माणसं होती, ती या आकड्यातही नाहीत.

बसऱ्याच्या स्मारकावर ४०,००० हून अधिक माणसांची आठवण कोरलेली आहे. गोऱ्या शिपायांची नावं आहेत, हिंदी अधिकाऱ्यांची नावं आहेत. साध्या हिंदी शिपायांच्या जागी पलटणीचं नाव आणि फक्त संख्या. इतके आणि इतके इतर हिंदी शिपाई. राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोगाने २०२१ च्या अहवालात ही विषमता मान्य केली, माफी मागितली आणि राहिलेली नावं शोधण्याचं काम हाती घेतलं. सातारा-रत्नागिरीच्या अनेक गावांत तरी एक संगमरवरी पाटी असते : या गावातून इतके लोक महायुद्धावर गेले, पैकी इतके मेले. तुमसरच्या खाणगावांत अशा पाटीचा प्रश्नच आला नाही, कारण इथली माणसं कुठे गेली नव्हती. ती जिथे होती तिथेच लढाईला जुंपली गेली होती.

हा जिल्हा आजही त्याच कामात आहे. खाणी १९६२ नंतर टप्प्याटप्प्याने सरकारी मालकीच्या झाल्या, आता त्या मॉइल या सरकारी कंपनीकडे आहेत. डोंगरी बुजुर्गच्या उघड्या खाणीतलं मँगनीज डायऑक्साइड कोरड्या बॅटरीसाठी प्रसिद्ध आहे. भंडारा रोड स्टेशनाजवळ वरठीला पोलादाचा कारखाना आहे. आणि १९६२ च्या चीनयुद्धानंतर, १९६४ मध्ये उभी राहिलेली जवाहरनगरची आयुध निर्माणी तोफांसाठी लागणारी प्रणोदक दारू बनवते. २४ जानेवारी २०२५ ला तिथे स्फोट झाला आणि किमान आठ कामगार गेले. आघाडीपासून शेकडो मैल दूर, शांततेच्या काळात, सकाळच्या पाळीला आलेली माणसं. त्यांच्या नावांसाठी शंभर वर्षं थांबायची वेळ येऊ नये.

म्हणून एक मागणी करतो. तुमसर रोड आणि भंडारा रोड या स्टेशनांवर १९१४ ते १९१८ या काळात इथून काय गेलं आणि कुठे गेलं हे सांगणारा फलक लागावा. विदर्भातल्या महाविद्यालयांच्या इतिहास विभागांनी दोन-चार विद्यार्थी नागपूरच्या अभिलेखागारात बसवावेत, मध्य प्रांताच्या युद्धकाळातल्या खाणींचे आणि रेल्वेचे कागद पानापानाने वाचायला लावावेत, आणि जिथे मजुराचं नाव सापडेल तिथे ते उतरवून घ्यावं, बाईचं असेल तर आधी.